ए. आर. अंतुलेंचं महाराष्ट्राचं मुख्यमंत्रीपद नक्की कशामुळे गेलं?
सिमेंट. तेव्हा सिमेंट सरकारी कंट्रोलमध्ये होतं, परमिटशिवाय गोणी मिळायची मारामार, आणि आरोप असा की बिल्डरनी इंदिरा गांधी प्रतिभा प्रतिष्ठान वगैरे ट्रस्टना देणगी दिली की कोटा सुटायचा. १९८१ ला पत्रकार अरुण शौरींनी इंडियन एक्स्प्रेसमध्ये हे बाहेर काढलं, जानेवारी १९८२ मध्ये हायकोर्टात जस्टिस लेंटिन यांचा निकाल विरोधात गेला न बॅरिस्टर अंतुले साहेबांची खुर्ची गेली, जेमतेम दीड वर्षात. करिअर मात्र संपलं नाही हां, खटला रखडत राहिला, १९८८ ला सुप्रीम कोर्टाने हा खटला हायकोर्टात पाठवायचा स्वतःचाच १९८४ चा आदेश चुकीचा म्हणून फिरवला, आणि २००६ ला हेच केंद्रात अल्पसंख्याक मंत्री! बाकी कोकणात अजून नाव निघतं ते सिंधुदुर्ग जिल्हा केला न कुलाब्याचं रायगड केलं म्हणून.