ड्रॅगुनोव, पीएसएल की एआर-१० पद्धतीची रायफल: अचूकता आणि किमतीचा मेळ कुठे बसतो?

सोव्हिएत ड्रॅगुनोव, रुमानियन पीएसएल आणि अमेरिकन एआर-१० पद्धतीची रायफल यांपैकी कोणती अचूकही आणि किमतीलाही परवडणारी, असा प्रश्न आहे. या तिघींत एआर-१० पद्धतीची रायफलच दोन्ही बाबतींत सरस आहे. तिचा बोल्ट (काडतूस मागून बंद करणारा भाग) थेट बॅरलच्या, म्हणजे नळीच्या, मागच्या टोकात अडकतो, आणि हँडगार्ड (हाताने धरायचं नळीभोवतीचं आवरण) बॅरलला कुठेही न टेकणारं बसवता येतं, त्यामुळे हाताचा किंवा बायपॉडचा (पुढच्या दुपायी टेकूचा) दाब नळीवर येत नाही. चांगल्या बॅरलची अशी रायफल मॅच दर्जाच्या (नेमबाजी स्पर्धेसाठी बनवलेल्या) काडतुसांनी साधारण १ मिनिटाच्या (अंशाच्या साठाव्या भागाच्या) कोनात गोळ्या टाकते, म्हणजे १०० मीटरवर सुमारे ३ सेंटिमीटर.

ड्रॅगुनोव १९६३ साली सोव्हिएत सैन्यात आली ती तुकडीतल्या नेमबाजाला माणसाएवढं लक्ष्य लांबून टिपता यावं म्हणून. कागदावर बारीक गट पाडणं, म्हणजे गोळ्यांची छिद्रं अगदी जवळजवळ पाडणं, हे तिचं कामच नव्हतं. तिच्या नळीतल्या, गोळीला फिरकी देणाऱ्या आट्यांचा पीळ आधी ३२० मिलिमीटरला एक फेरा असा होता. पुढे चिलखतभेदी गोळ्यांसाठी तो २४० केला, आणि अचूकता थोडी घसरली. आज अमेरिकेच्या बाजारात अस्सल ड्रॅगुनोव महाग आहे ती दुर्मीळ म्हणून, नेमकी म्हणून नव्हे. रुमानियन पीएसएल दिसायला तिची बहीण, आतून मात्र कलाश्निकोव्हच्या घराण्यातली! नळी बारीक असल्यामुळे सलग गोळ्या झाडल्या की ती तापते आणि गट पसरतो.

एक अट मात्र आहे: साधी लष्करी काडतुसं वापरणार असाल, तर एआर-१० च्या चांगल्या बॅरलवर घातलेल्या जादा पैशाचा बराचसा फायदा दिसणारच नाही.