कालबेडूक, काळबेडूक की येळबेडूक?

सोलापुरातल्या एका बाईंनी शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी नाटुकलं लिहायला घेतलंय. कंबर तलावात एक बेडूक राहतो. तो एकदा ‘डरांव’ म्हणाला की घड्याळं उलटी फिरतात, दोनदा म्हणाला की जागच्या जागी थांबतात. घड्याळं उलटी फिरली की त्याला स्वतःलाही लहानपणीचं शेपूट परत फुटतं (हे मला फारच आवडलं). बाईंचे प्रश्न दोन आहेत. या प्राण्याला ‘कालबेडूक’ म्हणावं की ‘काळबेडूक’? आणि त्याच्या ओरडण्यानं ‘वेळ थांबला’ लिहायचं की ‘वेळ थांबली’?

‘कालबेडूक’ नको. मराठी पोराच्या कानाला ‘काल’ म्हणजे आजच्या आधीचा दिवस. कालची भाकरी असते तसा हा कालचा बेडूक होईल, आणि शाळेतल्या प्रेक्षकांत कुणीतरी ‘मग आजचा कुठाय बे?’ असं विचारणारच. कालचक्र, कालगणना, कालखंड, कालमर्यादा या शब्दांत ही गल्लत होत नाही, कारण त्यांचा दुसरा भागही संस्कृत आहे आणि अख्खा शब्द तयार होऊनच मराठीत आलाय. ‘बेडूक’ पडला घरचा शब्द. त्याच्याशेजारी ‘काल’सुद्धा घरचाच वाटायला लागतो.

‘काळबेडूक’ची अडचण वेगळी. काळरात्र, काळझोप, काळकोठडी हे शब्द एकापाठोपाठ म्हणून बघा. ‘काळ’ पुढं लागला की तो कुठं मरणाचा असतो, कुठं काळोखाचा. घड्याळाचा बहुधा नसतोच. ‘काळवेळ’ किंवा गणितातलं ‘काळ-काम-वेग’ हे अपवाद वाटतील, पण तिथं शब्द बरोबरीनं शेजारी बसलेत, एक दुसऱ्याचं विशेषण झालेला नाही. काळबेडूक म्हटलं की पहिल्या रांगेतल्या बालवाडीला तो विषारीच वाटणार. ‘समयबेडूक’ हिंदी मालिकेतून आल्यासारखा दिसतो, तो सोडून देऊ.

संस्कृतच हवं असेल तर ‘कालमंडूक’ निर्दोष आहे, आणि त्याच्या पाठीशी मोठी परंपराही आहे. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातलं १०३वं सूक्त बेडकांवरच आहे. वर्षभर व्रतस्थ ब्राह्मणांसारखे गप्प पडून राहिलेले बेडूक पहिल्या पावसासरशी बोलू लागतात, अशी त्याची सुरुवात. पुढं ते बारा महिन्यांची व्यवस्था राखतात, ऋतू चुकवत नाहीत, असं म्हटलंय. कुणी गाईसारखा हंबरणारा, कुणी बोकडासारखा ओरडणारा, कुणी ठिपक्यांचा, कुणी हिरवा, असे ते वर्णनात येतात. आणि शेवटच्या ऋचेत त्यांच्याकडून मागणं काय, तर गाई आणि ‘प्र तिरन्त आयुः’, म्हणजे लांबलेलं आयुष्य! तेव्हा बाईंच्या बेडकाचा काळावर ताबा असणं हे काही अगदीच आकाशातून पडलेलं नाही. सोलापूरसारख्या कोरड्या मुलखात तर पटकन पटावं. उन्हाळाभर मातीत दडलेले बेडूक एका रात्रीच्या पावसात अशी हाळी देतात, की कॅलेंडरचं पान त्यांनीच उलटलं असं वाटावं.

बाईंच्या बेडकाच्या उडीलाही जुनं नाव तयार आहे: मंडूकप्लुती. पाणिनीच्या सूत्रातला एखादा शब्द मधली सूत्रं ओलांडून थेट पुढच्या सूत्रात लागू होतो, त्याला वैयाकरणांनी बेडकाची उडी म्हटलं. मधले तास गाळून थेट शाळा सुटायच्या घंटेवर जायचं असेल तर नाटकातल्या पंडिताच्या तोंडी हा शब्द घालाच. पोरांच्या तोंडी मात्र ‘मंडूक’ नको. ज्यांच्या घरात कन्नड ‘कप्पे’ किंवा तेलुगू ‘कप्प’ चालतं त्यांना तर बेडकाचं हे आणखी एक नाव कशाला?

आता ‘वेळ’. हा शब्द पुल्लिंगी आणि स्त्रीलिंगी दोन्ही आहे, पण मनाला येईल तसा नाही. मोजता येणारा, खर्च होणारा तो वेळ: वेळ लागला, वेळ मिळाला, वेळ फुकट गेला. नेमका क्षण, घटका, प्रसंग म्हणजे ती वेळ: जेवायची वेळ झाली, वेळ टळली, वेळ साधली. ‘काळ आला होता पण वेळ आली नव्हती’ या म्हणीत दोघांची वाटणी स्वच्छ दिसते. नाटकातला मुलगा बेडकाला म्हणेल, ‘मधल्या सुट्टीचा वेळ वाढव’, आणि रडत रडत म्हणेल, ‘शेंगाचटणीचा डबा सांडायच्या आधीची वेळ परत आण.’ दोन्ही बरोबर. घड्याळं गोठतात तिथं ‘वेळ थांबला’च लिहा, ‘काळ थांबला’ही शोभेल, पण ते निवेदकाच्या तोंडी.

माझं मत विचाराल तर नाव ‘येळबेडूक’ ठेवा. ‘लई येळ लागला’ हे आपल्याकडं गल्लीत ऐकू येतंच. या ‘येळ’मध्ये मरण नाही, कालची भाकरीही नाही. फक्त कुणी त्याचा संबंध येळवसेशी, म्हणजे शेतकऱ्यांच्या अमावस्येच्या सणाशी, जोडायला लागलं तर थांबवा. आपण वेळा अमावस्या म्हणत असलो, तरी ते नाव कन्नडातल्या ‘एळ्ळ अमावास्ये’शी, म्हणजे तिळाच्या अमावस्येशी जोडलेलं आहे. तिथं घड्याळाचा काही संबंध नाही.

प्रत्यय लावताना तेवढं सांभाळा. घरच्या शब्दातला ‘डू’ सामान्यरूपात ‘ड’ होतो: येळबेडकाला, येळबेडकानं. ‘येळबेडूकला’ नाही. पंडिताच्या तोंडचा ‘कालमंडूक’ मात्र तत्सम, त्यामुळं त्याचा ऊकार जागचा हलत नाही: कालमंडूकाला, कालमंडूकानं. संवाद पाठ करायला देण्याआधी एवढं तपासून घ्या, कारण पोरांनी एकदा चुकीचं घोकलं की संमेलनाच्या दिवशी ते तसंच बाहेर येतं.