मूकपटांतले बहिष्कृत : बर्लिन, 1925

प्रश्न : बाबूराव पेंटर यांच्या ‘सावकारी पाश’ या 1925 च्या मूकपटात कर्जापायी जमीन गमावून गिरणीत मजुरीला जाणारा शेतकरी होता, असे वाचले. त्या काळात युरोपात समाजाने वाळीत टाकलेल्या माणसांवर कोणी चित्रपट काढला होता का? (एक वाचक, सांगली)

उत्तर : होय, आणि तोही त्याच वर्षी. बर्लिनच्या दाटीवाटीच्या गरीब वस्त्या आणि तिथली पोरे ज्यांनी आयुष्यभर चितारली, त्या हाइनरिख त्सिले यांच्या अनुभवांवर गेरहार्ड लाम्प्रेख्त यांनी ‘डी फेररूफनेन’ हा मूकपट बेतला. वाग्दत्त वधूला वाचवण्यासाठी खोटी साक्ष दिल्याबद्दल शिक्षा भोगून सुटलेला क्रामर हा इंजिनिअर त्याचा नायक आहे. वडील त्याला घरात घेत नाहीत, जिच्यासाठी तुरुंग सोसला ती दुसऱ्याची झालेली असते आणि तुरुंगवासाचे कळताच कोणी नोकरीवर ठेवत नाही. शिक्षण आहे, कसब आहे, तरीही रात्र काढायला बेघरांच्या निवाऱ्याचाच आधार. आधी बहिष्कार येतो आणि त्याच्यामागून दारिद्र्य, हे इतक्या स्पष्टपणे दाखवणारे मूकपट थोडे आहेत. क्रामर झालेले बर्नहार्ड ग्योत्स्के यांनी फ्रिट्झ लांग यांच्या 1921 च्या एका मूकपटात साक्षात मृत्यूची भूमिका केली होती. तोच ओढलेला, निश्चल चेहरा इथे नकारामागून नकार पचवतो, तेव्हा मूकपटात दृश्यांच्या मध्ये दाखवतात त्या पाटीवरच्या शब्दांची फारशी गरज उरत नाही.

जीव द्यायला निघालेल्या क्रामरला वाचवते ती एम्मा, देहविक्रय करून जगणारी. उत्तरार्धाबद्दल माझी तक्रार आहे ती तिच्यामुळेच. क्रामर कारखान्यात लागतो, तांत्रिक ज्ञानाच्या बळावर वर चढतो आणि एम्मा आजारपणात मरते. मूळचा सुस्थितीतला माणूस तेवढा सुटतो. ज्या वस्तीने त्याला आसरा दिला, ती होती तिथेच राहते.

‘सावकारी पाश’ची प्रत आज उपलब्ध नाही, त्यामुळे हे दोन मूकपट शेजारी ठेवून पाहता येत नाहीत, याची हळहळ वाटते. लाम्प्रेख्त यांचा 1926 चा ‘डी उनएहलिखन’ मात्र जरूर पाहा. पैसे घेऊन सांभाळायला ठेवलेल्या अनौरस मुलांचे त्यात जे हाल दाखवले आहेत, ते पाहताना वरची तक्रार करावीशी वाटत नाही.