कासवरची ती पांढरी 'कोथिंबीर' नेमकी कोण?

प्रश्न : मागच्या सप्टेंबरमध्ये आम्ही घरचे सगळे कासला गेलो होतो. गुलाबी-निळ्या फुलांचे फोटो सगळेच काढत होते, पण मला मधेमधे उभी असलेली पांढरी छत्रीसारखी फुलं दिसली, अगदी आईच्या परसातल्या फुलावर आलेल्या कोथिंबिरीसारखी. हे काय आहे? खातात का? आणि कंद किंवा बी आणून पुण्यात गॅलरीत लावलं तर येईल का? (एक वाचक, पुणे)

उत्तर : ताई, नजर पक्की आहे तुमची! कासला आलेली बरीचशी माणसं या फुलाकडे बघतसुद्धा नाहीत. तुमच्या वर्णनावरून हा पिंडा असणार, कोकण पिंडा, याला पंद असंही म्हणतात. आणि कोथिंबिरीसारखा दिसतो म्हणालात ते अगदी बरोबर कारण दोघं एकाच घराण्यातले, गाजर, जिरं, ओवा, बडीशेप, शेपू, एवढंच काय तर हिंगसुद्धा त्यातलंच. आपल्या मिसळणाच्या डब्यातलं निम्मं सामान या एका घराण्याचं आहे असं म्हटलं तरी चालेल. मराठीत याला चामर कुल म्हणतात, कारण फुलोरा चवरीसारखा, एका टोकातून सगळ्या काड्या फुटतात आणि वर बारीक फुलांची छत्री होते.

आता गंमत बघा, पुढच्या वेळी जवळून बघाल तर छत्रीच्या कडेच्या फुलांच्या बाहेरच्या पाकळ्या आतल्यांपेक्षा मोठ्या दिसतील, म्हणजे अख्खी छत्रीच एक मोठं फूल असल्यासारखी लांबून दिसते. मध उथळ आणि उघडा असतो त्यामुळे लांब सोंडेची गरज नाही, माश्या, भुंगेरे, छोट्या मधमाश्या कोणीही येऊन बसतं, धुकं आणि वारं असलेल्या सड्यावर, म्हणजे अशा खडकाळ पठारावर, जो पाहुणा मिळेल तो हवाच असतो ना.

आणि हे फूल जगात फक्त आपल्या सह्याद्रीत, त्यातही उत्तरेकडच्या भागात येतं. डालझेल नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात याची नोंद केली तेव्हा ते दुसऱ्याच एका प्रजातीत (इंग्रजीत जीनस) टाकलं होतं, मग 1986 मध्ये मुखर्जी आणि कॉन्स्टन्स यांनी याच्यासाठी पिंडा ही वेगळी प्रजातीच केली. मला याचं फार कौतुक वाटतं, आपल्या डोंगरावरचं एक साधं पांढरं फूल आणि त्याला स्वतःचं वेगळं घर मिळालं!

सड्याबद्दल थोडं सांगते कारण त्याच्याशिवाय हे झाड समजत नाही. वर जांभा दगड, त्यावर माती कुठे बोटभर तर कुठे तीही नाही, आणि पावसात जे काही पोषण असतं ते धुऊन जातं. मोठी झाडं मूळ धरू शकत नाहीत म्हणूनच छोट्या झाडांना ऊन मिळतं. पण चार महिने नुसतं पाणी आणि मग मे महिन्यात तोच दगड तव्यासारखा तापतो. पिंडा काय करतो, पावसात पानं काढतो, फुलतो, बी धरतो आणि मग वरचं सगळं वाळून जातं, खाली कंद तेवढा वाट बघत राहतो. म्हणून उन्हाळ्यात सडा बघून लोक म्हणतात की इथे काहीच नाही, पडीक जमीन आहे, तेव्हा जीव तुटतो हो. सगळं तिथेच असतं, पायाखाली.

खायचं विचाराल तर स्पष्ट सांगते, नको. ओळखीचा वास आला म्हणून या घराण्यातलं कुठलंही रानातलं झाड तोंडात घालू नका. सॉक्रेटिसला जे विष दिलं ते हेमलॉक याच घराण्यातलं होतं आणि काही भाईबंदांचा चीक कातडीवर लागून वर ऊन पडलं तर फोड येतात.

कंद तर अजिबात उचलू नका. कास 2012 पासून युनेस्कोच्या जागतिक वारशात आहे, पण ते नसतं तरी मी हेच सांगितलं असतं, कारण एक कंद उकरला की त्याच्याबरोबर ती बोटभर माती पण निघते आणि ती परत साचायला किती वर्षं जातात विचार करा. फोटो काढायला फुलांत बसतात तेव्हा पण तेच होतं, दगडावरून चाला, मातीवर नको. शिवाय पुण्यातल्या कुंडीत ते धुकं, तो जांभा, तो पाऊस कुठून आणणार?

त्यापेक्षा एक करा, मसाल्याच्या डब्यातले चार धणे हलके रगडून कुंडीत टाका आणि येणारी कोथिंबीर यावेळी खुडू नका, फुलावर येऊ द्या. छत्री उघडली की कडेच्या पाकळ्या बघा, त्याही आतल्यांपेक्षा मोठ्या असतात.