१९५० च्या आसपासचा, वाट चुकलेल्या तरुणांवरचा स्वीडिश चित्रपट कोणता पाहावा?

गुन्हेगारीच हवी असेल तर लार्स-एरिक शेलग्रेन यांचा १९५० सालचा ‘मेदान स्टाडेन सूवेर’ पाहा. स्टॉकहोममधला टोळीबाज तरुण योम्पा आणि त्याची इरिस यांची ही कथा. मूळ कादंबरी पेर आंडेर्स फोगेलस्ट्रोम यांची, कथासूत्र इंगमार बर्गमन यांचं.

पण एकच पाहणार असाल, तर मी बर्गमन यांचा १९४८ सालचा ‘हाम्नस्टाड’ पाहा असं म्हणेन. पोलीस इथेही आहेत, पण खरी धास्ती सुधारगृहाची. सुरुवातीलाच बेरीट गोटेनबर्गच्या बंदरात उडी घेते. तिला वाचवतात, पण घरी आईचा जाच आणि डोक्यावर सुधारगृहात परत पाठवण्याची टांगती तलवार कायम. योस्टा हा जहाज सोडून गोदीत कामाला लागलेला खलाशी तिच्यावर जीव लावतो, पण तिचा भूतकाळ ऐकल्यावर त्याला तो पचत नाही. पुढे बेरीटची मैत्रीण गेरट्रुड चोरून केलेल्या गर्भपातात दगावते आणि तो करणाऱ्याचं नाव सांग म्हणून अधिकारी बेरीटच्याच मागे लागतात. हा भाग बघताना माझ्या पोटात गोळा आला.

आरशावर लिपस्टिकने ‘एकटी’ असं लिहिणारी बेरीट विसरता येत नाही. गोदीतली दृश्यं प्रत्यक्ष बंदरात टिपलेली आहेत, त्यांत इटालियन नववास्तववादाचा, म्हणजे खऱ्या जागी जाऊन सामान्य माणसांचं जगणं टिपणाऱ्या चित्रपटशैलीचा ठसा स्पष्ट दिसतो. छायाचित्रण गुन्नार फिशर यांचं, बर्गमनसोबतचा त्यांचा हा पहिलाच चित्रपट.