काळ वळवणारी पोथी रचताना

तुमच्या कादंबरीतील काळ वळवणाऱ्या प्राचीन पोथीचे टाचण वाचले. कल्पना दमदार आहे, ती सोडू नका.

सर्वांत आधी या पोथीला काय जमत नाही, ते ठरवा. नवे लेखक मंत्रांची यादी करत बसतात आणि मग प्रत्येक संकटात नायक काळ मागे का नेत नाही, याचे उत्तर त्यांच्याकडे उरत नाही.

दुसरे म्हणजे, काळाचे माप त्या युगातलेच घ्या. तुमच्या कदंबकालीन (गोव्यावरील कदंब राजवटीच्या काळातील) पुजाऱ्याने ‘पाच मिनिटे’ म्हणू नये. तळाला बारीक छिद्र असलेले तांब्याचे घटिकापात्र पाण्यावर सोडले आणि ते भरून बुडाले की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे झाली. अशा ६० घटिकांत दिवस-रात्र पुरी होते. ते छिद्र कोणी मेणाने किंचित बुजवले तर? माझ्या मते जादूने अशाच फटीतून शिरावे, विजांच्या कडकडाटात नव्हे.

पोथी ताडपत्राची असेल, तर गोव्याच्या पावसाळ्यांतून ती टिकली कशी, तेही सांगा. वारंवार नकलली गेली असेल, तर नकलेतील चुकांनी बिघडलेले मंत्र हा धागा आयताच मिळतो.

गोव्यावर तेव्हा राज्य असलेल्या पोर्तुगालने नवी ग्रेगोरियन दिनदर्शिका स्वीकारताना १५८२ साली ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर मोजला. ते गाळलेले दहा दिवस गोव्यातील कथाकाराने पोथीत का दडवू नयेत? समांतर काळरेषांचा गुंता मात्र तूर्त बाजूला ठेवा आणि पहिल्या खर्ड्यात पोथीची दोन-तीनच पाने उघडा.