सहा आणि दहा वर्षांची मुलं, शाकाहारी सासूबाई, सेऊलहून एका दिवसात ह्वाचॉनचा बर्फातला मासेमारी उत्सव: टूर घ्यावी की स्वतः जावं? आणि एकही मासा लागला नाही तर?

टूर घेऊ नका. मंगळवार ते गुरुवारमधला एखादा दिवस धरून स्वतः जा. धाकटं सहा वर्षांचं आहे, तर ह्वाचॉनच्या आधी प्यॉंगचांगच्या अशाच उत्सवाचा विचार करा. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर एवढंच.

मला लिहायचंय ते दुसऱ्या प्रश्नावर. "लागला तर लागला, सगळा नशिबाचा खेळ" हे वाक्य आमच्या इथल्या मराठी ग्रुपवर दर जानेवारीत कोणीतरी टाकतंच. टाकणारा बहुधा तोच, ज्याने चार तास भोकात दोरा सोडून मोबाइल चाळलेला असतो. नशीब वगैरे काही नाही. ओढ्याचं पाणी अडवून त्यात मासे सोडलेले असतात, तेही दिवसातून अनेकदा.

मुळात ज्याचा हा उत्सव, तो सानचॉनओ मासा ह्वाचॉनच्या ओढ्यातला नाहीच. तो तैबेक डोंगररांगेच्या पूर्वेकडचा, पूर्व समुद्राला मिळणाऱ्या नद्यांतला. समुद्रात जाणाऱ्या सॅल्मनचाच हा गोड्या पाण्यात राहिलेला भाऊबंद. 2003 पासून उत्सवासाठी तो मत्स्यशेतांतून आणून जाळ्यांनी अडवलेल्या पाण्यात सोडतात. म्हणजे तुमच्या पायाखाली गोळीखाद्यावर वाढलेला मासा फिरत असतो, आणि त्याच्या लेखी खाणं म्हणजे वरून खाली पडणारी वस्तू. आमिष वर जाताना नव्हे तर खाली पडताना तो जास्त घेतो, त्याचं कारण हेच असावं असा माझा कयास आहे.

आपल्याकडे खाडीवर गरवलेली माणसं इथे हमखास फसतात. मीही त्याच मातीतली, म्हणून बोलते. गरीला कोळंबी लावायची, शिसं तळाला टेकवायचं आणि बोटावर दोरा धरून ओढ लागायची वाट पाहायची, ही आपली सवय. तिथे काम वास करतो. इथे गरीवर असतो चकचकीत धातूचा किंवा प्लास्टिकचा खोटा मासा. त्याला ना वास ना चव. तो हलला तरच मासा त्याच्याकडे वळणार, आणि हलवायचं काम तुमच्या मनगटाचं. चार तास हलवत राहणं कंटाळवाणं आहे, मान्य. मग त्याला नशीब म्हणू नका.

करायचं असं. आमिष भोकातून सोडा आणि दोरा सैल पडेपर्यंत जाऊ द्या, म्हणजे तळ लागला. आता एक वीत वर घ्या आणि काठीच्या फिरकीवर दोरा पक्का करा. ही खोली महत्त्वाची, कारण घोळका तळाजवळून फिरतो. दोऱ्याला तिथेच मार्करने खूण करा, म्हणजे प्रत्येक वेळी तळ शोधायला नको. मग मनगटाने फूटभर वर हिसका द्या आणि लगेच सोडा. काठी खाली नेताना दोरा ताणलेला राहिला तर आमिष सरळ रेषेत उतरतं. सैल सोडलं तर सुकं पान पाण्यात बुडावं तसं डोलत पडतं. हवंय ते दुसरं. तीन-चार सेकंद थांबा, पुन्हा हिसका. ओढ जाणवतेच असं नाही. पडणारा दोरा मधेच थांबला किंवा तिरका गेला, की वर उचला.

दहा मिनिटं काहीच झालं नाही तर बर्फावर पालथं पडा, डोक्यावर जॅकेट ओढून उजेड अडवा आणि भोकात डोळा लावा. वेडेपणा वाटतो, पण आजूबाजूचे सगळे कोरियन आजोबा तेच करत असतात. मासे येतात, आमिषाकडे पाहतात आणि निघून जातात असं दिसलं, तर हिसका लहान करा, नुसतं थरथरवा. मासेच दिसले नाहीत तर भोक बदला. भोकं आधीच पाडून ठेवलेली असतात, स्वतः पाडायचं नसतं. आणि कुणाला मासा लागला म्हणून वीस जणांनी त्याच्याभोवती जमू नका, भाराने बर्फ वाकतो आणि भोकांतून पाणी वर येऊन सगळ्यांचे बूट भिजतात. गरी आडवी ओरबाडून माशाच्या पोटात अडकवणारेही दिसतील. तसं करू नका आणि मुलांना शिकवू नका.

मासे सुटतात ते बहुतेक भोकाच्या तोंडाशी. कारणं दोन. दोरा बर्फाच्या धारदार कडेवर घासतो, आणि मासा कडेला डोकं आपटून मान वळवतो तेव्हा गरी निसटते. म्हणून फिरकी गुंडाळत बसू नका. काठी बाजूला टाका, दोरा भोकाच्या मधोमध धरून हाताने, एकामागून एक हात टाकत ओढा, मधे ढील देऊ नका. शेवटचा फूट एका दमात, आणि मासा भोकापासून लांब फेका. सहा वर्षांच्या मुलाला हे जमणार नाही. त्याला सांगा, काठी पोटाशी धरून सरळ उलटं चालत जा. मात्र मागे दुसरं भोक नाही ना ते तुम्ही बघा. लहान मुलाचा पाय त्यात गुडघ्यापर्यंत जातो. दर पाच मिनिटांनी भोकावर धरलेली बर्फाची साय झाऱ्याने काढा, नाहीतर दोरा गोठून त्याच्या गाठी होतात.

ह्वाचॉनमध्ये एकाला तीनच मासे नेता येतात, तेव्हा हव्यास धरून उपयोग नाही.

खरा शत्रू ओले हातमोजे. जानेवारीत तिथली सकाळ उणे दहा ते उणे पंधरा अंश असू शकते. पातळ लोकरी मोज्यावर रबरी मोजा चढवा, आणि प्रत्येकी निदान तीन जोड ठेवा. पायात दोन मोजे कोंबले की बूट आवळतो, रक्त फिरत नाही आणि बोटं जास्त गार पडतात. एकच जाड लोकरी मोजा आणि एक माप मोठा बूट. चिकटवायचे हॉटपॅक कपड्यावर लावा, कातडीवर कधीच नाही. गार वाऱ्यात भाजल्याचं कळतही नाही आणि संध्याकाळी फोड येतात. बुटाला लावायच्या खिळ्यांच्या पट्ट्या, इथे त्यांना आयझेन म्हणतात, दायसो नावाच्या दुकानांत स्वस्त मिळतात. सासूबाईंना त्या घातल्याशिवाय बर्फावर पाऊल टाकू देऊ नका. बसायला घडीची खुर्ची, तिच्यावर फोमचा तुकडा. फोन आतल्या खिशात, नाहीतर बॅटरी मान टाकते.

आता सासूबाईंचं जेवण. उत्सवात "शाकाहारी" दिसणाऱ्या निम्म्या गोष्टी शाकाहारी नसतात. ओमुक म्हणजे माशाचाच वडा, त्याचं गरम पाणी सगळे पितात तेही माशाचं. त्तॉकबोक्कीच्या, म्हणजे तांदळाच्या कांड्यांच्या तिखट पदार्थाच्या, रश्शातही बहुधा सुकी मासळी असते. निर्धास्त खाण्यासारखं म्हणजे भाजलेलं रताळं, मका आणि होत्तॉक, म्हणजे आत गुळट साखर आणि दाणे भरलेली गरम पोळी. बाकी दशम्या, चटणी आणि थर्मासमध्ये चहा घरून न्या.

तुमचे मासे भाजायला वेगळी जागा असते. तिथे पैसे दिले की मासा साफ करून, मीठ लावून, फॉइलमध्ये गुंडाळून भट्टीत घालतात आणि हातात नंबर देतात. साडेअकराच्या आत रांगेत लागा, बारानंतर मुलं भुकेने रडायला लागतात. तिखट-मीठ आणि लिंबू बरोबर ठेवा, तिथला मासा आपल्या जिभेला अळणी लागतो. कच्चा कापूनही देतात. तुम्ही खा, पण मुलांना भाजलेलाच द्या. उरलेला मासा थर्मोकोलच्या डब्यात बर्फ घालून आणा आणि त्याच रात्री पोट साफ करा. खवले अगदी बारीक असतात, तिखट-हळद-रव्यात घोळवून तळला तर फार छान होतो.

हाताने मासे पकडायचा हौदही आहे. टीशर्ट आणि अर्धी चड्डी घालून बर्फाळ पाण्यात उतरायचं. मोठ्यांनी जरूर उतरावं. मासा मोकळ्या पाण्यात सापडत नाही, भिंतीच्या कोपऱ्यात कोंडा, दोन्ही हातांनी कल्ल्यांमागे धरा आणि टीशर्टच्या आत टाका. सहा वर्षांच्या मुलाला काठावर उभं करा.

प्यॉंगचांग का म्हणते? तिथला उत्सव जिनबूला ओदेचॉन ओढ्यावर असतो, आणि जिनबूला केटीएक्स ही वेगवान रेल्वे थांबते. सेऊलहून दीड तासाच्या आसपास गाडी, पुढे थोडा टॅक्सीचा रस्ता. ह्वाचॉनला रेल्वे नाही. दोंग सेऊल स्थानकावरून थेट बस, किंवा आयटीएक्स रेल्वेने चुनचॉनला उतरून पुढे बस, आणि शनिवार-रविवारी परतीच्या महामार्गावर अडकायची तयारी. शिवाय प्यॉंगचांगला तंबूत बसून गरवता येतं. वारा अडला की मुलं दुप्पट वेळ टिकतात. मासा तिथे सोंगओ, म्हणजे ट्राउट, आणि तो सानचॉनओपेक्षा मोठा. इन्जेचा बिंगओ उत्सव मुलांना आवडेल, बोटाएवढे मासे झुबक्याने लागतात, पण तो सोयांग तलावाच्या बर्फावर अवलंबून. कधी पाणी आटल्याने, कधी बर्फ न धरल्याने तो रद्द झालाय.

ह्वाचॉनला जायचंच असेल तर गर्दी धरून चाला, हंगामात दहा लाखांवर माणसं येतात. सकाळी सहाला निघा, उघडताच बर्फावर जा, तीनला परत फिरा. टूर नको म्हणते ती याचसाठी. टूरवाले वाटेत नामी बेट दाखवतात, तुम्हाला बर्फावर सोडतात अकरानंतर, आणि जेमतेम हात बसतो तेवढ्यात बस सुटायची वेळ होते. मग लोक रिकाम्या हाताने येऊन ग्रुपवर नशिबाचं लिहितात. एक मात्र कबूल, कोरियन अजिबात येत नसेल आणि बस बदलायची धास्ती असेल तर टूर सोपी पडते.

अजून एक गोष्ट, दहा वर्षांचं मूल विचारेलच. पकडलेले मासे बर्फावर तडफडतात. या उत्सवाविरुद्ध 2020 मध्ये प्राणिहक्क संघटनांनी तक्रारही केली होती. खाण्यासाठीच्या माशांना प्राणी संरक्षण कायदा लागू होत नाही म्हणून ती टिकली नाही. सासूबाईंना हे पाहवणार नसेल तर त्यांना बंदिस्त दालनातली बर्फशिल्पं दाखवायला न्या, पण तिथेही थंडी बाहेरइतकीच असते, कोट काढू नका.

तारखा दरवर्षी सरकतात. 2020 मध्ये अवेळी पावसाने ह्वाचॉनचं उद्घाटनच लांबलं होतं. तिकीट काढलं तरी आदल्या रात्री उत्सवाच्या अधिकृत पानावर बर्फ उघडा आहे का ते बघा. पाऊस दाखवत असेल तर गाडीचं तिकीट तेव्हाच रद्द करा, सकाळी रद्द केलं की जास्त पैसे कापतात.